अगदतंत्राची खुर्ची

सकाळी घराबाहेर पडण्याआधी वनिता एक पान चुरगळायची आणि हरेशच्या नाकाशी धरायची. त्या दिवशी वर्गात जिचा तास असेल त्या वनस्पतीचं पान. "सांगा, काय?" हरेश डोळे मिटून हुंगायचा आणि चुकायचा. निर्गुडीला अडुळसा म्हणायचा, वेखंडाला हळद.

"भट्टीजवळ उभं राहून नाक जळलंय तुमचं," असं म्हणत ती एसटीला पळायची.

हरेश डोलवीच्या पोलाद कारखान्यात ठेकेदाराकडे सुपरवायझर होता. डॉक्टर वनिता घरत रोह्यापुढच्या एका आयुर्वेद महाविद्यालयात द्रव्यगुण शिकवायची. औषधी वनस्पतींचं शास्त्र. एम.डी.ही त्याच विषयात केलेलं. पेणच्या बाजारात तिचा छोटा दवाखाना होता, चालायचाही बरा. नोकरी लागल्यावर तिनं तो बंद केला. सासूनं महिनाभर अबोला धरला, पण वनिताला शिकवायचंच होतं.

नोकरीच्या दुसऱ्याच वर्षी महाविद्यालयाची तपासणी आली. अगदतंत्राला, म्हणजे विषाच्या शास्त्राला, शिक्षकच नव्हता. संस्थेचे अध्यक्ष हैबतराव तिला म्हणाले, "बाई, तुमचं नाव तिकडे दाखवतो. शिकवा तुम्ही तुमचंच. घरची माणसं आपण, एवढं चालायचंच."

तिनं सही केली. द्रव्यगुणवाल्याला तो विषय चालतो, अशी तेव्हा सवलत होती. तपासणीच्या दिवशी ती बाटल्यांतल्या सापांशेजारी, दुसऱ्याच विभागाच्या खुर्चीवर बसली. घरी येऊन तिनं सांगितलं तेव्हा हरेश पोट धरून हसला. "आमची सापवाली बाई आली गो!"

पुढं दर तपासणीला ती त्याच खुर्चीवर बसत राहिली. नाव तिकडे, शिकवणं इकडे. तसं करणारी ती एकटी नव्हती. महाविद्यालयात निम्म्या जणांचं तसंच होतं, त्यामुळे त्यात कुणाला काही वावगं वाटेना.

मग द्रव्यगुणातले जुने प्राध्यापक निवृत्त झाले आणि सहयोगी प्राध्यापकाची जागा निघाली. ती मिळाली की विभाग तिच्या हाती येणार होता, एम.डी.चे विद्यार्थी घेता येणार होते. गागोद्याच्या रानापासून कोलाडच्या नदीकाठापर्यंतच्या वनस्पतींवर कुणाला काय काम द्यायचं, हे तिनं मनात कधीचं ठरवून ठेवलं होतं. जेवताना बोलायला दुसरा विषय नसे.

एका रात्री मात्र ती ताटावर नुसतीच बसून राहिली.

"काय झालं?"

"बढतीला त्या विषयातली पदवी लागते, आणि त्याच विषयात शिकवल्याची वर्षं. द्रव्यगुणाची पदवी आहे माझ्याकडे. वर्षं सगळी अगदतंत्रात."

"मंग तिकडं घे बढती."

"तिकडं वर्षं आहेत, पदवी नाही. नेमणुकीला सवलत होती, बढतीला नाही."

हरेशला हे पचायला वेळ लागला. "आमची कंपनी बरी मंग. ज्या शिफ्टला पंच मारला तिचा पगार तरी भेटतो."

"मी पंच दुसऱ्याच शिफ्टला मारला ना."

"तर सांग ना त्यांना! तेरा वर्षं कोण शिकवत होतं, पोरांना विचारा म्हणावं."

वनितानं त्याच्याकडे पाहिलं. "आणि सही कोणी केली, ते पण सांगू? दर वर्षी सरकारला खोटं लिहून दिलंय मी. ते कबूल केलं तर आहे ती नोकरी जाईल. बाकीच्यांचीही."

हरेशनं पाण्याचा तांब्या उचलला आणि न पिताच खाली ठेवला.

तरीही ती मुलाखतीला गेली. नवी अबोली साडी नेसून गेली. बाहेरून आलेले तज्ज्ञ सज्जन होते. त्यांनी तिचे कागद चाळले आणि आदरानं म्हणाले, "मॅडम, अगदतंत्रात तुमची चांगली सेवा झालीय. ही जागा द्रव्यगुणाची आहे." टेबलाच्या पलीकडे हैबतराव बसले होते. ते खिडकीबाहेर पाहत होते. वनिता "हो सर" म्हणाली आणि उठली.

जागा निकेशला मिळाली. निकेश तिचाच विद्यार्थी; बाहेरच्या महाविद्यालयात शिकवून आलेला, कागद स्वच्छ असलेला. पेढे घेऊन तो तिच्या पाया पडायला आला तेव्हा तिनं त्याला चहा करून दिला. तो गेल्यावर कपबशा विसळत ती एवढंच म्हणाली, "पोरगा हुशार आहे हो. त्याचा काय दोष?"

त्यानंतर ती कमी बोलू लागली. रक्तदाब वाढलेला होता, आणि गोळ्यांची आठवण हरेशला करून द्यावी लागे. "डॉक्टर तू का मी?" तो चिडवायचा. ती हसायची, पण उशिरा, बोललेलं लांबून ऐकू आल्यासारखी.

मार्गशीर्षात पुन्हा तपासणी आली. हैबतरावांचा फोन स्पीकरवर होता म्हणून हरेशनंही ऐकला. "बाई, तेवढं नेहमीप्रमाणे."

"नको जाऊस," हरेश म्हणाला.

"नाही गेले तर तो विभाग बंद पडेल. साठ पोरांचं वर्ष आहे."

ती गेली. तपासणी करणारे दुसऱ्या मजल्यावर पोचले तेव्हा ती त्याच खुर्चीवर मान टाकून बसली होती. शिपायाला वाटलं, डुलकी लागली. त्यानं हळूच टेबल वाजवलं. मेंदूत रक्तस्राव झाला होता. पेणपर्यंतही आणता आलं नाही.

दिवसकार्य उरकल्यावर हरेश तिचं सामान आणायला महाविद्यालयात गेला. फाटकावर महाविद्यालयानं फलक लावला होता. हार घातलेला फोटो, आणि खाली : डॉ. वनिता हरेश घरत, अगदतंत्र विभाग, भावपूर्ण श्रद्धांजली. निकेश तिच्या सामानाची पिशवी घेऊन धावत बाहेर आला. "काका, मी सांगितलं होतं बदलायला. अध्यक्ष म्हणाले, कागदावर जे आहे तेच लिहावं लागतं."

हरेशनं मान हलवली. पिशवी काखेत धरून तो एसटीच्या थांब्याकडे चालू लागला. लोक त्याला विचारत, शेवटी काही म्हणाल्या का? काय सांगणार तो. त्या सकाळी ती उंबऱ्यावर उभी राहून चप्पल घालत होती, गाडी चुकेल म्हणून घाईत होती, आणि मागे न वळताच म्हणाली होती, "अहो, संध्याकाळी वाल भिजत घाला हं. कोमट पाणी घ्या, मागच्या वेळी मोडच आले नाहीत."