बांधतात ती मोळी

“कान धर,” मामासाहेब म्हणाले.

आबांच्या उजव्या हातात क्लॅरिनेट होती. त्यांनी डाव्या हातानं कान धरला.

“दोन्ही.”

आबांनी क्लॅरिनेट खाली ठेवली. मांडवाच्या दारात, लोकांच्या चपलांशेजारी. घरात ती खाटेवरसुद्धा उघडी पडलेली त्यांना चालायची नाही. मग त्यांनी दोन्ही कान धरले. आत पंगत बसली होती. जिलबीचं ताट घेऊन चाललेला वाढपी थांबून बघायला लागला. बायकांच्या बाजूनं कुणीतरी हसलं.

मी आबांच्या मागं उभा होतो. गळ्यात साइड ड्रम, हातात काठ्या. मी काही बोललो नाही.

हे सगळं मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. आता सांगतो.

आबा म्हणजे माझा बाप. पिंपळे गुरवच्या मांगवाड्यात आमचा बँड होता. लाल कोट, त्याची अर्धी बटणं तुटलेली. नदीपलीकडं एकेक कारखाना उभा राहत होता आणि त्यांच्याबरोबर चिंचवडात साहेब लोकांची घरं. त्या घरांतली लग्नं आम्हाला मिळू लागली. मी विशीत होतो. आयटीआय करून एका कारखान्यात टेंपररी फिटर लागलो होतो. लग्नसराईत सुट्टी टाकून आबांच्या मागं ड्रम वाजवायचो.

त्या दिवशीचं लग्न आमच्याच कारखान्यातल्या मोठ्या साहेबांच्या मुलीचं. मामासाहेब म्हणजे त्या मुलीचे मामा. पुण्याचे. संगीताचे मोठे अभ्यासक म्हणून त्यांचं नाव होतं. संगीताच्या इतिहासावर लिहायचे, व्याख्यानं द्यायचे.

आमच्या आबांची एक चाल होती. अक्षता पडल्या की दुसरे बँड सिनेमातलं गाणं वाजवायचे. आबा ही चाल वाजवायचे. त्यांनी स्वतः बांधलेली. आधी संथ, मग मध्ये जरा रडवेली, कारण पोरगी चाललेली असते, आणि मग एकदम उसळून वर. लोक विचारायचे, “किसनराव, कुठल्या सिनेमातली हो ही?” आबा म्हणायचे, “आमच्या घरातली.” लोक हसायचे. पुढंपुढं लोक तेच मागू लागले. “ते घरातलं वाजवा की.”

त्या दिवशी मंगलाष्टकं झाली. भटजी थांबले. मागून कुणीतरी ओरडलं, “वाजवा रे!” मांडवात हा हुकूम असतो. तो आला की वाजवायचं, कोण ओरडलं ते बघायचं नाही. मी काठी मारली. आबांनी चाल उचलली. अक्षता उडाल्या. माणसं पानांकडं पळाली.

आणि मामासाहेब हातात कागद धरून तसेच उभे. त्यांनी भाचीसाठी स्वतः एक मंगलाष्टक रचलं होतं. नवरा-नवरीची नावं त्यात गुंफली होती. ते शेवटी म्हणायचं ठरलं होतं. आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं. ओरडणारा पोरगा त्यांच्याच घरातला होता. तो एव्हाना जेवायला बसला होता.

पहिली काठी माझी होती. आबांची फुंक नंतरची. पण मामासाहेबांनी आबांना बोलावलं आणि आबा म्हणाले, “चूक माझी हाय, साहेब.”

“चूक? माझी रचना होती ती. रचना कळते का तुला? काय वाजवत होतास?”

“चाल, साहेब. मीच बांधलीया.”

मामासाहेबांनी भोवतालच्या लोकांकडं बघितलं. “बांधली म्हणे. अरे, बांधतात ती मोळी.”

सगळे हसले. मग कान धरायला लावले.

मुलीचे वडील, आमचे साहेब, बाजूलाच उभे होते. मला पर्मनंट करायचा कागद त्यांच्याच सहीनं होणार होता. म्हणून मी पुढं झालो नाही. दुसरं कुठलंही कारण नव्हतं.

नदीकाठानं घरी जाताना आबा एवढंच म्हणाले, “साहेबानं तुला वळाकलं तर न्हाई?”

मी म्हणालो, “न्हाई.”

“मग बरं झालं.”

त्यानंतर त्यांनी ती चाल वाजवली नाही. लोक मागायचे, आबा सिनेमातलं काढायचे. कुणी फारच मागं लागलं तर म्हणायचे, “इसरलो.” मी पर्मनंट झालो. पत्र्याचं घर पाडून विटांचं बांधलं. बापाच्या कानांवर उभं केलेलं घर. त्यात मी झोपत होतो, पोरं वाढवत होतो.

मध्ये बरीच वर्षं गेली. कारखान्यात कँटीनच्या वर वाचनालय झालं. मला वाचायचा नाद लागला. एकदा तिथं नवं पुस्तक आलं. जाडजूड, संगीताच्या इतिहासावरचं, वरती मामासाहेबांचं नाव. मी ते मागितलं. वाचनालयाचा कारकून चष्म्यावरून बघत म्हणाला, “हे वाचायचं आहे राव. वाजवायचं नाही.” बँडवाला ही ओळख गणवेश घातला तरी जात नाही. मी सही केली आणि पुस्तक घेतलं.

जेवणाच्या सुट्टीत मशीनच्या आडोशाला बसून वाचलं. खोटं कशाला बोलू, चांगलं होतं. राजदरबार, देवळं, गवई, त्यांची घराणी. कुणी कुणाला शिकवलं, कुणी काय नवं केलं. एकेका माणसाच्या एकेका चालीवर दोन-दोन पानं. मी आबांना शोधत होतो असं नाही. पण बँड हा शब्द कुठं येतो ते बघत होतो. एकदाच आला. लग्नातला बँड ही नक्कल असते, वाजवणाऱ्याजवळ रचना नसते, त्याला फक्त इशारा कळतो. एवढंच. मग पुढचा मुद्दा.

पुढचा मुद्दा बंदिशीचा होता. बंदिश म्हणजे काय ते मामासाहेबांनी फार सुंदर समजावून सांगितलं होतं. बंदिश म्हणजे बांधलेली. स्वर, ताल, शब्द यांची घट्ट बांधणी.

मी ते वाक्य पुन्हा वाचलं. बांधलेली.

म्हणजे शब्द आबांचाच होता. मांडवाच्या दारात माझा बाप बरोबर बोलला होता. गवयानं बांधली तर बंदिश, मांगानं बांधली तर मोळी. आणि हे त्या माणसाला त्या दिवशीही माहीत होतं. माहीत असून हसला. मला वाटायचं, शिकलेली माणसं न कळून अपमान करतात. तसं नाही. कळून करतात. भोंगा झाला. मी उठलो. हाताला ग्रीस होतं, ते पानाला लागलं. पुसलं नाही.

थोड्याच दिवसांनी साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. आता ते फारच मोठे साहेब झाले होते. समोर मामासाहेब बसलेले. केस पांढरे, बाकी तसेच. कारखान्याच्या हॉलमध्ये त्यांचा सत्कार ठरला होता. गेटपासून हॉलपर्यंत ग्रंथदिंडी. पालखीत पुस्तक.

“आणि पुढं तुमचा बँड,” साहेब म्हणाले. “घरचंच कार्य समजा.”

मामासाहेबांनी मला निरखलं. “तू किसन्याचा मुलगा का? अरे, तुझ्या बापानं माझ्या मंगलाष्टकाचा बँड वाजवला होता.” ते हसले. साहेब हसले. चहा आणलेला शिपाईसुद्धा हसला.

मग मामासाहेब म्हणाले, “पण ती चाल वाजवा हं. तीच.” आणि ते गुणगुणले.

आबांची चाल. सुरुवातीची संथ ओळ. अगदी जशीच्या तशी.

“सुरेख होती. कुठल्या सिनेमातली रे?”

इतकी वर्षं ती त्यांच्या डोक्यात होती. सुरेख आहे हे कळत होतं. पुस्तक लिहिताना पण ती डोक्यातच होती, आणि तरी लिहिलं की यांच्याजवळ रचना नसते. माझे कान तापले. मी बापाचं बोलणं बोललो, त्याच्याच भाषेत.

“सिनेमातली न्हाई ती. आबांची हाय. मांडवाच्या दारात त्यांनी तुम्हाला सांगितलं व्हतं. तुम्ही मोळी म्हणालात.”

“मी? छे. आठवत नाही.”

“चाल आठवती. मोळी आठवत न्हाई.”

साहेब मध्ये पडले. “बरं बरं, असेल त्याची. मग वाजवा की. उलट मान आहे.”

“पुस्तकात नाव न्हाई, आन् पुस्तकाच्या पुढं चाल पाहिजे. न्हाई वाजणार.”

“पर्मनंट आहेस म्हणून बोलतोयस का?”

“त्यासाठीच गप बसलो व्हतो साहेब, इतकी वर्षं. आणि एक राहिलंय. त्या दिवशी पहिली काठी माझी पडली व्हती. आबांची चूक नव्हती. माझीबी नव्हती. हुकूम तुमच्या घरचा व्हता. आता कान धर म्हणाल, तर मी धरणार न्हाई.”

मी बाहेर आलो.

दिंडी निघालीच. भोसरीचा बँड आला, त्यानं सिनेमातलं वाजवलं. त्या महिन्यात माझी फाउंड्रीत बदली झाली. धूर, वाळू, वितळलेल्या लोखंडाची धग. अजून तिथंच आहे.

आबांना सांगितलं तेव्हा ते आधी चिडले. “सुपारी नाकारतोस व्हय रं? बँडवाला हायस का कोन?” मग भिंतीकडं तोंड करून पडले. दमा झाला होता. क्लॅरिनेटमध्ये फुंक मारायची ताकद नव्हती. सकाळी त्यांनी माझ्या धाकट्या भावाला हाक मारली. “म्हाद्या, काढ ती पेटीतली.”

ते गुणगुणत गेले, म्हादू क्लॅरिनेटवर धरत गेला. सुरुवात आली. शेवटची उसळीही आली. मधलं, पोरगी निघतानाचं, आलं नाही. आबांनी खूप प्रयत्न केला. वाजवायचं सोडून दिलं म्हणून ते विसरले, आणि का सोडलं ते मला माहीत आहे. त्या पावसाळ्यात आबा गेले. मधला भाग त्यांच्याबरोबर गेला. तो कुणाच्याही पुस्तकात नाही.

आम्ही त्या जागी नवं काही घातलेलं नाही. तिथं क्लॅरिनेट थांबते. फक्त माझा ड्रम चालतो. ऐकणाऱ्याला कळू दे, इथं काहीतरी होतं.

आता लग्नात मंगलाष्टकं संपतात. मागून कुणीतरी ओरडतं, “वाजवा रे!” माझ्या काठ्या हलत नाहीत. अक्षता उडतात, लोक वळून बघतात, घरचे डोळे वटारतात. मी एक पाऊल पुढं येतो आणि मोठ्यानं सांगतो, “ही चाल पिंपळे गुरवच्या मांगवाड्यातल्या किसनरावांनी बांधली.”

मग काठी मारतो.

ज्यांना घाई आहे, त्यांनी दुसरा बँड बघावा.