बेनीकाकांची शांता

बेनीकाकांची आणि माझी ओळख आमच्या नवराबायकोच्या भांडणामुळे झाली. २००४ साल असेल. ब्रिस्टलमध्ये येऊन मला जेमतेम वर्ष झालं होतं. बसमध्ये वरच्या मजल्यावर बसून मी फोनवर नवऱ्याला झापत होते, इथे आपली भाषा कोणाला कळतेय या भरवशावर अगदी मोकळ्या आवाजात. फोन ठेवला तसे पुढच्या सीटवरचे टाय लावलेले म्हातारे गृहस्थ मागे वळले. "बाई, चूक तुमच्या यजमानांची नाही. पाहुणे येणार हे त्यांना आधी सांगायला हवं होतं तुम्ही."

मी खाली मान घातली. "माफ करा," ते म्हणाले, "चोरून ऐकण्यावरच आयुष्यभर पोट भरलंय मी."

ते बेंजामिन आवासकर, मुंबईच्या मराठी बोलणाऱ्या ज्यू घरातले. पन्नासच्या दशकात लंडनला येऊन एका कचेरीत कारकुनी करू लागले आणि संध्याकाळी खोलीवर टेलिव्हिजनसाठी गोष्टी लिहू लागले. हेरगिरीच्या आणि साहसाच्या मालिकांचे ते दिवस होते. बऱ्याच गोष्टी साभार परत आल्यावर एक पसंत पडली, आणि मग कित्येक वर्षं त्यांनी दुसरं काही केलं नाही. "आमच्या स्टुडिओत एक जिना होता, एक बोळ होता आणि कुंडीतलं एक माडाचं झाड," ते सांगत. "झाड डावीकडे ठेवलं की बैरूत, उजवीकडे ठेवलं की हवाना. मी दोन्ही पाहिलेली नाहीत."

परदेशी खलनायकांना नावं देताना त्यांना मुंबईचा मासळीबाजार आठवे. जनरल बांगडा, डॉक्टर रावस, मादाम हलवा अशी मंडळी त्यांच्या मालिकांतून बिनबोभाट वावरून गेली. कोणाला काही कळलं नाही. "निर्माता म्हणायचा, बेन, तुझी नावं फार खरी वाटतात."

एकच गोष्ट त्यांच्या मनासारखी झाली नव्हती. शांता नावाची हेर त्यांनी लिहिली होती. मुंबईच्या टेलिफोन एक्स्चेंजमधली मुलगी, दुसऱ्यांचं बोलणं ऐकता ऐकता कटाचा सुगावा लागलेली. निर्मात्याला गोष्ट आवडली, पण नायिका म्हणून हिंदुस्थानी मुलगी लोक बघणार नाहीत, असं त्याचं मत पडलं. मग शांताची सगळी कामगिरी एका गोऱ्या नायकाकडे गेली आणि तिच्या हातात चहाचा ट्रे आला.

"राग नाही आला तुम्हाला?" मी विचारलं.

"आला की. पण पुढच्या आठवड्यात दुसरी गोष्ट द्यायची होती. रागावत बसायला सवडच नव्हती."

काही वर्षांनी आमच्या मराठी मंडळाने गणपतीत मुलांचं नाटक लिहायला सांगितलं तेव्हा त्यांनी शांतालाच बाहेर काढलं, आणि त्या कामासाठी माझी मुलगी इरा निवडली. इरा तेव्हा अकरा वर्षांची. आदल्या वर्षी स्टेजवर ती "माझी बाबा" म्हणाली होती आणि अख्खा हॉल हसला होता. तेव्हापासून ती चारचौघांत मराठी बोलायची नाही.

"काका, मी नाही करणार. दे ऑल लाफ," ती म्हणाली.

"हसायलाच हवेत. शांता मुद्दाम चुकीचं बोलते. शत्रूला वाटायला हवं, हिला काही येत नाही."

"ऑन पर्पज?"

"हो. आणि कुठे चुकायचं ते तू सांग. मला इतकं चांगलं चुकता येत नाही."

इरा पहिल्यांदा हसली. मग दोघांनी आमच्या स्वयंपाकघराच्या टेबलाशी बसून चुका पाडल्या. काकांनी तिला एकच गोष्ट पुन्हा पुन्हा बजावली, "लोक हसले की गडबडू नकोस, थांब. हसणारा माणूस पहारा देत नसतो."

नाटकाच्या दिवशी इरा पहारेकऱ्याला म्हणाली, "माझा छत्री हरवला." हॉल हसला, पहारेकरीही हसला. ती शांतपणे थांबली, आणि लोक हसत असतानाच तिने पहारेकऱ्याच्या कमरेच्या किल्ल्या काढून घेतल्या. हसू मध्येच थांबलं आणि टाळ्या सुरू झाल्या. काका चष्मा पुसत होते. माझ्याकडे न बघता म्हणाले, "चाळीस वर्षं ट्रे धरून उभी होती बिचारी. आज ठेवला तिने."

पुढच्या वर्षी ते साउथहॅम्प्टनला लेकीकडे राहायला गेले. दर रविवारी त्यांचा फोन यायचा, तो इरासाठी. शांताचा नवा पराक्रम ते थोडा थोडा सांगत आणि नेमकं नको तिथे थांबत. एका रविवारी त्यांनी शांताला बोटीच्या केबिनमध्ये कोंडलं. दार बाहेरून बंद, आत पाणी चढतंय.

"काका, मग?" इराने विचारलं.

"मी अडकवलंय तिला. आता सोडवायचं कसं ते तू बघ."

त्याच आठवड्यात काका गेले. दुपारी जेवून खुर्चीत टेकले होते, तिथेच झोपेत. लेकीने आम्हाला कळवलं. आम्ही तिघं अंत्यविधीला जाऊन आलो.

परतताना ट्रेनमध्ये सॉल्झबरी स्टेशन गेल्यावर इराने विचारलं, "आई, केबिनला खिडकी होती?"

"मला नाही माहीत गं."

तिने थोडा विचार केला. "होती," ती म्हणाली. "छोटी." आणि ती पुढचं सांगू लागली.