सुतळीच्या गाठी

आमच्या आत्याचा स्वतःच्या सावलीवरही विश्वास नाही. दूध उतू गेलं तरी तिला त्यात कुणाचा तरी हात दिसतो. घरात सगळे तिला फौजदार म्हणतात, अर्थात पाठीमागे.

माळ्यावरची नऊ मडकी तिच्या ताब्यात. प्रत्येकात राखेत घोळवलेलं खरबुजाचं बी, जात वेगळी. दिसायला सगळं बी सारखंच. ओळखायचं ते मडक्याच्या गळ्यातल्या सुतळीवरून. दोन गाठी म्हणजे लवकर येणारं, पाच म्हणजे कमी पाण्यावर तगणारं. हे कुठे लिहायचं नाही. आजीने आत्याला तोंडी सांगितलं, आत्याने वेळ आली की पुढच्या बाईला सांगायचं. वेळ कधी येणार, ते आत्या ठरवणार.

माझी बायको शेतकी शाळेत शिकलेली. तिने एक दिवस शिडी लावून नऊही मडक्यांचे फोटो काढले. खाली उतरते तो आत्या दारात.

"कुणाला पाठवतेस?"

"कुणाला नाही. आपल्याजवळ असावेत म्हणून काढले."

"बियाणंवाले उगाच फोन देत नाहीत कुणाला."

फोन मी घेऊन दिला होता, पण आत्यापुढे बोलायची माझी काय टाप.

"पूस. माझ्यासमोर."

बायकोने मुकाट्याने पुसले. तरी आत्याच्या मनातली पाल चुकचुकतच राहिली. दुसऱ्या दिवशी आम्ही रानात गेल्यावर तिने मडक्यांच्या सुतळ्या आपसात बदलून टाकल्या. चोराला चुकीचं बी मिळू दे. कुठली कुठे बांधली, ते तिच्या डोक्यात.

चार महिन्यांनी पेरणी आली तेव्हा विहीर तळाला गेली होती. पाच गाठींचंच बी लावायला हवं होतं, नाहीतर हंगाम हातचा जाणार. आत्या माळ्यावर चढली ती तासभर उतरेना. मी वर गेलो, तर नऊ मडकी पुढ्यात घेऊन बसलेली. कुठली सुतळी कुठली, काही आठवत नव्हतं. मला तिचा संताप आला आणि कीवही आली.

ती खाली येऊन थेट बायकोसमोर उभी राहिली.

"ते फोटो काढ बघू. मडक्यांच्या टवक्यांवरून ओळखेन, कुठल्याला किती गाठी होत्या ते."

"पुसले ना. तुमच्यासमोरच."

"ते मला दाखवायला गं. एखादा तरी ठेवला असशील."

"नाही आत्या. तुम्ही सांगितलंत, मी पुसले."

आत्या मग उंबऱ्यावर बसली.

"चाळीस वर्षांत या घरात माझं कुणी ऐकलं नाही," ती म्हणाली. "तूच कसं ऐकलंस?"