दोन चंद्रांची कवळी

कवळ्या बनवणाऱ्या माणसाने नवं जग निर्माण करू नये, असं कुठे लिहिलेलं नाही, म्हणून त्याने ते करायला घेतलं. त्याची मुलगी लहानपणी तापाने झोपून होती आणि तिने दोन चंद्र असलेल्या जगातली गोष्ट मागितली होती. दुसरा कोणी बाप ‘एक होता राजा’ म्हणून मोकळा झाला असता. हा म्हणाला, “सांगतो, पण आधी तिथे आज कोणता वार आहे ते ठरवू दे.” ताप दोन दिवसांत उतरला. वार ठरायला वर्ष गेलं. नमनालाच घडाभर तेल जाळणारी माणसं त्याने खूप पाहिली होती, पण घडा संपल्यावर दुसरा विकत आणणारा तो एकटाच.

दुकानातच त्याने प्लास्टरच्या तीन तबकड्या ओतल्या, काठाला गुलाबी मेण लावलं आणि त्यात उरलेले नकली दात रोवले. साधा दिवस म्हणजे पुढचा दात. बाजाराचा दिवस म्हणजे दाढ, आणि परगावच्या गाड्या दाढेच्या दिवशीच सुटणार. वर्षाचा पहिला दिवस आणि दोन्ही चंद्रांच्या पौर्णिमा म्हणजे निळे रंगवलेले दात. एक तबकडी वर्षाची, एक थोरल्या चंद्राची, एक धाकट्याची. रोज दुकान उघडलं की तिन्ही एकेक दात पुढे सरकवायच्या. तिन्ही निळे दात एकाच दिवशी वर आले की गोष्ट सुरू होणार. ही अट घालायला त्याला कोणी सांगितलं नव्हतं.

बायको म्हणाली होती, “भिंतीवर एक कॅलेंडर आहे. त्यात बघून गॅसचा सिलिंडर कधी सांगायचा तेवढं लक्षात ठेवा.” तेही त्याच्या लक्षात राहत नसे. एकदा तर निळा दात चुकून एका निवृत्त मुख्याध्यापिकेच्या कवळीत बसला. बाई तोंडावर रुमाल धरून आल्या. तो तंद्रीत म्हणाला, “ती धाकट्या चंद्राची पौर्णिमा आहे.” बाई म्हणाल्या, “मग ती माझ्या तोंडात का उगवली?” दात फुकट बदलून द्यावा लागला. मुलगी तेव्हा कोपऱ्यातल्या प्लास्टरच्या पोत्यावर बसून पोट धरून हसली होती. गोष्ट कधी, हे मात्र तिने पुढे विचारायचं सोडून दिलं.

आता तिला दूरच्या शहरात नोकरी लागली होती. उद्या सकाळची गाडी. दुपारी ती दुकानात आली आणि त्याच पोत्यावर बसली.

“बाबा, माझी गोष्ट राहिली.”

“आज वर्षाचा पहिला दिवस आहे,” तो तबकड्यांकडे बघत म्हणाला. “थोरला चंद्रही पूर्ण आहे. धाकटा तेवढा दोन दात मागे पडला.”

“मग परत कधी जमेल?”

त्याने हिशोब आधीच केला होता. “तोवर तुलाच कवळी लागेल.”

ती हसली नाही. मग ती गिऱ्हाईकासारखं तोंड करून म्हणाली, “टोचतंय.”

“कुठे टोचतंय?” सवयीने त्याच्या तोंडून गेलं.

तिने धाकट्या चंद्रावर बोट ठेवलं. “तूच सगळ्यांना सांगतोस ना? तोंड कवळीसाठी नसतं, कवळी तोंडासाठी असते.”

त्याने मेण तापवलं, धाकट्या चंद्राचे दोन दात उपटले आणि निळा दात सरकवून वर आणला. इतक्या वर्षांचं आकाश दोन मिनिटांत दुरुस्त झालं. तो स्टुलावर बसला, घसा साफ केला आणि म्हणाला, “एक होती...”

पुढे काहीच येईना. कोण होती, कुठे राहत होती, तिला काय हवं होतं? डोक्यात फक्त तबकड्या फिरत होत्या. नाचता येईना अंगण वाकडं, ही म्हण तो दुसऱ्यांना ऐकवत आला होता. त्याने तर अख्खं अंगणच वाकडं बांधून ठेवलं होतं. त्याला मनापासून लाज वाटली.

“माहीत होतं मला,” मुलगी म्हणाली. “राहू दे, मी सांगते. केव्हापासून स्वतःला सांगतेच आहे. एक होता कॅलेंडर बनवणारा. त्याचं काम पुरं होईना, म्हणून गावात आज कोणता वार हे कोणालाच कळेना. त्यामुळे गाव सोडून कोणाला जाताच येईना. सगळे त्याच्यावर वैतागलेले.”

“आणि त्याची मुलगी?”

“तिला वाटायचं, बरंच आहे की. पण एक दिवस तिला जायचं होतं. आणि गाड्या सुटणार दाढेच्या दिवशी.”

त्याने वर्षाच्या तबकडीकडे पाहिलं. निळ्या दातानंतर लगेच दाढ होती. ती त्यानेच रोवली होती.

“पुढे?” त्याने विचारलं.

“पुढचं तुझ्या हातात आहे, बाबा.”

तो उठला. तबकड्या सकाळी सरकवायच्या असतात, हा नियमही त्याचाच होता. त्याने हात पुसला आणि तिन्ही तबकड्या एकेक दात पुढे सरकवल्या.