मादागास्करातला आप्पांचा ऑक्टोबर

आप्पांना तारीख सांगितलेली चालत नसे. ओझरजवळच्या त्यांच्या द्राक्षबागेत कुणी म्हणालं, आज दहा तारीख, छाटणी घ्यायची ना, की ते आधी मूठभर माती उचलून दाबून पाहत आणि विचारत, "तारखेला द्राक्षं लागत्यात का?" आमच्या नाशिकला एप्रिलची छाटणी काडी तयार करायला आणि ऑक्टोबरची फळासाठी, हे शाळेतलं पोरही सांगेल. आप्पा मात्र दरवर्षी माती आणि आभाळ बघून ते नव्यानं ठरवत. मला तो म्हातारपणाचा हट्ट वाटे. गेल्या वर्षी ते गेले, आणि त्या हट्टाचं माझ्यावर केवढं ऋण आहे, हे आता सांगायलाच हवं.

मी शेतकीचा पदवीधर, राहणारा नाशिक शहरातल्या गंगापूर रोडचा. आप्पांच्या बागेत काम शिकलो आणि मादागास्करला नोकरीवर गेलो. आफ्रिकेच्या पूर्वेला पसरलेलं हे बेट महाराष्ट्राच्या जवळपास दुप्पट आहे. किनाऱ्याला व्हॅनिला आणि लवंग. मधल्या पठारावर लाल माती, पायऱ्यापायऱ्यांची भातखाचरं आणि सकाळ-दुपार-रात्र भातच खाणारी शांत माणसं. माझे मालक शेठ मूळचे काठेवाडी, पण घराणं चार पिढ्या तिथंच रुजलेलं. पठारावर त्यांना खायची द्राक्षं पिकवायची होती. मी ऐटीत ऑक्टोबरात छाटणी उरकली. फुलोरा यायला आणि पाऊस कोसळायला एकच गाठ पडली. डावणी रोगानं घड काळे पडले. दुसऱ्या वर्षी मी औषधं वाढवली, महिना तोच ठेवला, आणि पुन्हा तोंडघशी पडलो. शेठ म्हणाले, आणखी एक हंगाम बघू, नाहीतर वेली उपटून भात लावू. माझी नोकरी जाणार हे त्यांना वेगळं सांगावं लागलं नाही. मी आप्पांना फोन लावला.

जन्मभर बागेवरून विमानं जाताना पाहिलेले आप्पा साठीनंतर प्रथमच विमानात बसले आणि मार्चअखेर येऊन थडकले. वाटेत वशिंडाचे बैल दिसताच त्यांची कळी खुलली. गुरुवारी शेतात काम करायचं नाही, असा त्या गावचा जुना नेम होता आणि त्यावरून मी मजुरांशी दोन वर्षं वाद घालत होतो. आप्पांनी मलाच झापलं. "आपण अमावस्येला औत धरतो का? मग गप बस की." दुसऱ्या दिवशी मजूर बायांची मुकादम हांता आपणहून त्यांच्याबरोबर बागेत हिंडू लागली.

पाऊस कधी उघडतो, एवढंच आप्पांना हवं होतं. मी मोबाइल काढला. तो त्यांनी खिशात ठेवायला लावला. आभाळाकडे आणि मग मातीकडे बोट करून त्यांनी हांताला विचारलं. तिनं खालच्या खाचरांकडे हात केला. भात पिवळं पडत होतं. ते कापायला आलं की पाऊस थांबतो, हे तिनं खुणांनीच समजावलं.

आप्पा माझ्याकडे वळले. "हिचं भात पिकलं, म्हंजी आपला ऑक्टोबर आला. लाव कात्री."

तेव्हा एप्रिल लागला होता. बेट विषुववृत्ताच्या दक्षिणेला, तिथले ऋतू उलटे, हे लिहून मी परीक्षेत मार्क मिळवले होते. हाताला मात्र ऑक्टोबर म्हटलं की छाटणीच सुचे. मी कात्री आणायला वळलो.

पुढं थंडी आहे म्हणून शेठ कचरले. आमच्याकडं बी घड थंडीतच फुगत्यात, असं म्हणून आप्पांनी त्यांना गप्प केलं. पुढं घडांतले दाटीचे मणी काढून टाकायची विरळणी हांताच्या बायांनी तीन दिवसांत अशी शिकून घेतली, की आप्पा म्हणाले, लय हलका हात हाय. पावसानं पाठ फिरवली ती फिरवलीच. सप्टेंबरच्या सुरुवातीला सगळा उतार टपोऱ्या, मधाळ घडांनी लगडला. पहिला घड आप्पांनी हांताच्या हातावर ठेवला, दुसरा शेठच्या. शेठनी एक मणी खाल्ला, मग उभ्या उभ्या अर्धा घड संपवला. वेली उपटायच्या नाहीत, पलीकडची टेकडीही लावायची, असं त्यांनी तिथंच जाहीर केलं. बाया गाऊ लागल्या. मी मात्र खाली मान घालून उभा होतो. शेठ गुजराती-हिंदीत आप्पांना म्हणाले, तुम्ही राहत नसाल तर नाशिकहून चांगला जाणकार पाठवा.

आप्पांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. "नवा आणाल शेठ, तो बी नाशिकचाच असंल, आन् तुमच्या पावसात ऑक्टोबरलाच कात्री लावंल. ह्याची दोनदा लावून झालीय. आता ह्याच्यापेक्षा जाणकार तुम्हाला मिळणार नाय."

शेठ पोट धरून हसले आणि, ही घे पलीकडच्या टेकडीची किल्ली, असं म्हणत त्यांनी आपली उन्हाची छत्री माझ्या हातात दिली. आयुष्यात पहिल्यांदाच मला माझ्या चुकीचा अभिमान वाटला.