पोथीत नव्हतं ते

हे मी कुणाजवळ बोललो नाही. बायकोजवळ नाही, धाकट्या भावाजवळ नाही. बाबा असते तर त्यांच्याजवळही बोललो नसतो — त्यांच्याजवळ तर मुळीच नाही. मग तुमच्याजवळच का? तुम्ही गयाबाईला पाहिलेलं नाही, म्हणून असेल. तिला ओळखणाऱ्या माणसासमोर माझी जीभ उचलत नाही.

आमचं गाव कळमनुरीच्या अलीकडचं, निजामाच्या मोगलाईतलं. बाबा गावाचे जोशी. लग्नं लावायचे, सत्यनारायण सांगायचे, आणि कुणी वारलं की त्या घरी सुतकाचे दिवस पोथी वाचायचे. त्या पोथीचं नाव घेत नाही. नांदत्या घरात ते घ्यायची रीत नाही. मेल्यावर जीव कुठून कुठं जातो, वाटेत काय भोगतो, मागच्यांनी त्याच्यासाठी काय करावं, असं सगळं तिच्यात आहे. पोथी संस्कृत. अर्थ आम्ही सांगायचा. म्हणजे आम्ही सांगू तोच अर्थ — गावात दुसरं कुणी ती वाचू शकत नव्हतं.

बाबा वाचताना कधीकधी चार-दोन पानं एकदम उलटून पुढं जायचे. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "ज्या घरातलं लेकरू गेलंय, त्या घराला यमाच्या दारचे हाल ऐकवून काय करू?" बाया रडत ऐकायच्या आणि वाचन संपलं की कशा कोण जाणे, उठून चूल पेटवायच्या. हे मी लहानपणापासून पाहिलेलं. मला ठाऊक नव्हतं असं म्हणायची सोय नाही.

बाबा गेले तेव्हा मी विशीच्या आतबाहेर होतो. मिसरूड नुकतं फुटलेलं. पहिल्यांदा एकटा वाचायला बसलो तो एका म्हाताऱ्याच्या सुतकात. ओळ सुटत होती. अंगण माणसांनी भरलेलं. वाचन संपल्यावर गयाबाई उठली — उंच, हाडापेरानं मोठी, नवरा गेल्यावर शेत स्वतः पाहणारी, मनात येईल ते बोलून मोकळी होणारी बाई. पदर झटकत म्हणाली, "महाराज, तुमचे वडील वाचायचे तवा डोळ्याला पाणी यायचं. तुमी वाचून राहिले तर झोप येऊन राहिली."

सुतकाचं घर होतं, तरी माणसं हसली. मयताचा मुलगासुद्धा हसला.

एवढंच. याहून जास्त तिनं माझं काही केलं नाही. पण पुढं कितीतरी दिवस मारुतीच्या पारावरची पोरं मला पाहून म्हणायची, "महाराज, झोप येत न्हाई, जरा पोथी वाचा." मी हसायचो. घरी येऊन जेवायचो नाही. इतकी क्षुल्लक गोष्ट — आणि मी ती दोन-तीन वर्षं उराशी धरून बसलो. तुम्ही कधी असं केलंय? नसेल केलं.

मग मथुराचं झालं.

मथुरा ही गयाबाईची एकुलती एक लेक. पहिल्या बाळंतपणाला माहेरी आलेली. मुलगी झाली, आणि मथुरा दुसऱ्या दिवशी दुपारी गेली. गयाबाईनं मलाच बोलावणं पाठवलं. कळमनुरीहून दुसरा कुणी आणता आला असता, पण ती म्हणाली म्हणे, की आपल्या गावचे महाराज असताना बाहेरचा काहून?

मी गेलो तेव्हा ओसरीवर वाद चालला होता. बाळंतपणात गेलेली बाई परत येते, लेकराला ओढून नेते, असं आमच्याकडं मानतात. म्हणून उंबऱ्यात खिळे ठोकायचे — घोड्याच्या नालेचे. गयाबाईची थोरली जाऊ त्यासाठी हटून बसली होती. नालबंद रहमानभाई खिळे घेऊन अंगणात उभा होता, अवघडून. आणि गयाबाई उंबऱ्यावरच बसली होती, नातीला मांडीवर घेऊन. बाळाखाली मथुराचं हिरवं लुगडं घडी करून घातलेलं. आईचा वास राहावा म्हणून.

"माझी लेक हाय ती," ती म्हणत होती. "तिच्या वाटंवर खिळे ठोकू व्हय? आली तर येऊ द्या. लेकराला बघून जाईल."

जाऊ म्हणाली, "आणि नेलं तर?"

त्यावर गयाबाईनं माझ्याकडं पाहिलं. तिचे डोळे कोरडे होते, सुजलेले. "महाराज, तुमी सांगा. पोथीत काय लिवलंय? तुमी म्हणाल ते बराबर."

पोथीत काहीही लिहिलेलं नव्हतं. उंबऱ्याचं नाही, खिळ्यांचं नाही. तसल्या प्रश्नाला बाबा काय उत्तर द्यायचे तेही मी ऐकलेलं होतं — एकदा नाही, पुष्कळदा. "पोथीत असलं काही नाही, माय. तुझी लेक सुखात आहे." एवढंच म्हणायचं होतं. एवढं म्हणायला कितीसा वेळ लागतो?

त्या क्षणी मला काय आठवलं सांगू? ते अंगण. ते हसू. आणि वाटलं — आता येते का झोप?

मी पोथी उघडली. एका पानावर बोट ठेवलं. त्या पानावर दानाचं काहीतरी होतं. आणि सावकाश, बाबांसारखा आवाज काढून म्हणालो, "लिहिलंय. अशी बाई अतृप्त राहते. आई ओळखत नाही, लेकरू ओळखत नाही. उंबरा बंद करावा लागतो."

कुणी हसलं नाही. त्या दिवशी मी फार चांगलं वाचलं. पुढं माणसं तसं म्हणाली.

गयाबाई उठली. बाळ जावेच्या हातात दिलं. लुगडं बाळाखालून काढून घेतलं आणि बाहेर नेऊन टाकायला सांगितलं. रहमानभाईनं खिळे दिले, पण ठोकायला नाही म्हणाला — "बेटीच्या दारात माझा हात उठत न्हाई, बाई." मग तिनं स्वतःच दगड घेतला आणि ठोकले. एकेक घाव मी बसून ऐकला. नंतर पोथी वाचली.

मला वाटलं होतं, चार दिवसांत सगळं निवेल. तसं झालं नाही. गयाबाई आपल्या लेकीला भिऊ लागली. अंजनाला — त्या नातीला — भरदुपारी अंगणात सोडायची नाही. पोरगी झोपेत हसली तरी दचकून उचलून घ्यायची. मथुराचं नाव त्या घरात कुणी घेईना. ज्या बाईचा आवाज चावडीपर्यंत यायचा, ती मान खाली घालून पाणवठ्यावर जायची आणि यायची. दुःख हळूहळू कमी होतं म्हणतात. तिचं कमी व्हायला मी जागाच ठेवली नव्हती. आठवण आली की भीती यायची. लेक दोनदा गेली तिची. दुसऱ्यांदा कुणी नेली ते एकट्या मला माहीत होतं.

मी सांगू शकलो असतो. रोज सांगू शकलो असतो — तिचं घर माझ्या वाटेवरच होतं. पण सांगायचं म्हणजे काय? मी पोथीत खोटं घातलं, असं? मग माझ्याकडून कुणी लग्न लावून घेतलं असतं? ही माझी भीती. तिची भीती वेगळी होती. मी माझी जपली.

मग मोगलाई जायची धामधूम आली. रझाकारांच्या बातम्या येऊ लागल्या, आणि गावातली घरं कुलपं लावून सरहद्दीपार वऱ्हाडात, सोयऱ्याधायऱ्यांकडं निघाली. गयाबाईची गाडीही भरली. निघायच्या दिवशी सकाळी ती माझ्या दारात आली. केस पांढरे झालेले, पाठीत वाकलेली. बरोबर अंजना, परकर-पोलक्यातली.

"महाराज, एक इचारायचं व्हतं. आता घर रिकामंच राहणार. लेकरू माझ्यासंगं चाललं. मग ते खिळे काढले तर चालतील का? पोथीत तसं काही हाय का? ती बाहेर उभी राहून थकली असंल हो. घर मोकळं हाय तर बसू द्या तिला आत."

आता सांग, असं मी स्वतःला म्हणालो. अगदी शब्द जुळवले. तोंड उघडलं.

आणि म्हणालो, "हो. लिहिलंय. काढले तर चालतात."

मी तिच्यामागं गेलो. का गेलो कोण जाणे. खिळे गंजून लाकडात बसले होते. म्हातारीच्या हातानं निघेनात, तेव्हा अंजनानं सांडशी धरून एकेक उपसले. गयाबाई उंबऱ्यात उभी राहिली आणि रिकाम्या घरात तोंड करून तिनं हाक मारली, "मथुरा, ये गं बाई. आमी चाललो." इतक्या वर्षांत ते नाव मी पहिल्यांदा ऐकलं. ती रडली — मोठ्यानं, पूर्वीच्या आवाजात. अंजनाही रडली, कुणासाठी ते तिला नीट कळलं नसेल.

मग डोळे पुसून गयाबाई माझ्याकडं वळली. "तुमच्या वडलांपरीस तुमी काही कमी न्हाई," म्हणाली, आणि माझ्या पाया पडायला वाकली.

मी पाय मागं घेतले नाहीत.