सरिताचं लग्न आणि घाट चढून आलेला डीजे

नाशिकच्या नर्सिंग कॉलेजात सरिता माझ्या खोलीत राहायची. तिनं फोनवरून लग्नाचं आवताण दिलं आणि मी लगेच रजा टाकली.

अक्कलकुव्यापर्यंत एसटी आहे. पुढे सातपुड्यातल्या तिच्या गावाला शेअर जीपच. "बठा ताई, गाडी भरनी का निंघूत," ड्रायव्हर म्हणाला. भरायला बराच वेळ लागतो, तेवढ्यात स्टँडजवळ शेवभाजी खाऊन घ्या. घाट लागला की हॉटेल नाही आणि नेटवर्कही नाही. रस्ता मात्र आता चांगला झालाय.

त्याच रस्त्यानं दुसऱ्या दिवशी दुपारी वरातीसोबत डीजेची गाडीही वर आली.

लग्नात डीजे लावायचा नाही, असं गावानं ठरवलेलं. सरिताचे बाबा वेशीवर आडवे उभे राहिले. नवऱ्याचा मोठा भाऊ खाली उतरला. तो गुजरातेत कंपनीत कामाला. डीजे त्यानंच हौसेनं आणलेला. "गाडी परत गेली तर आम्हीपण परत जाऊ," तो म्हणाला. मांडवातले ढोल थांबले. सगळं बोलणं भिलीत चाललेलं. शेजारची एक शिक्षिका मला मराठीत सांगत होती.

तेवढ्यात हळदीच्या अंगानं सरिता बाहेर आली. ती थेट नवऱ्याशी, रमेशशी बोलली. "लग्न ढोलावरच लागेल. तुला परत जायचं असेल तर आत्ता सांग."

रमेशनं भावाकडे पाहिलं, मग डीजेवाल्याला हातानंच गाडी वळवायला सांगितलं. भाऊ त्याच गाडीत बसून निघून गेला. त्याचे काही मित्रही गेले.

ढोल पुन्हा सुरू झाले. बायकांनी एकमेकींच्या कमरेत हात घालून रांग धरली, मलाही ओढलं. माझे पाय चुकत होते, कुणाला पर्वा नव्हती. मग उडदाची डाळ आणि ज्वारीची भाकर. अशी डाळ मी नाशकात कधी खाल्ली नाही. सरिता हसत होती, पण मधेच वेशीकडे बघायची.

घरी आल्यावर मैत्रिणींना मी घाटाचे, नाचाचे फोटो दाखवले. वेशीवरचा एकही फोटो माझ्याकडे नाही, आणि तेच सारखं डोळ्यांपुढे येतं. परवा सरिता ड्युटीवरून फोनवर बोलली. मी विचारलं, "थोरले दीर बोलतात का गं?"

"अजून नाही," ती म्हणाली. "बोलतील. मला त्याच घरात राहायचंय."